सहा महिन्यांची रात्र : हेमाडपंताच्या दोन चरित्रांविषयी

मार्कंड्याला मी पहिल्यांदा गेलो तो आजीच्या खांद्यावर बसून, महाशिवरात्रीच्या जत्रेत. ती जत्रा मला आठवत नाही. आठवते ती आजीने पुढे कित्येक वर्षे सांगितलेली गोष्ट. वैनगंगा जिथे वळून उत्तरेकडे वाहू लागते, तिथे काठावर देवळे आहेत. ती दानवांनी एका रात्रीत बांधली. दानवांवर मुकादम होता हेमाडपंत. एका रात्रीत काम उरकेना, म्हणून त्याने रात्रच लांबवली, सहा महिन्यांची केली. शेवटी कोंबडा आरवला. तोवर झाले तेवढे झाले, राहिले ते राहिले.

दानवांची आणि एका रात्रीची आख्यायिका मार्कंड्याविषयीच्या छापील लेखनातही सापडते. हेमाडपंताला मुकादम करणे ही बहुधा आजीचीच भर. पण ती भर तिला सहज सुचली यातच लेखाचा विषय आहे.

माझ्या भाच्याला परदेशी जादूगारांच्या कथांचे वेड आहे. काळ थांबवणारे, मागे फिरवणारे, वर चमत्कारिक यंत्रे बनवणारे जादूगार. त्याने एकदा विचारले, “मामा, आपल्याकडे असा कोणी नाही का?” मी म्हटले, आहे. तो वैद्य आहे, नवी लिपी आणणारा आहे, नवे धान्य आणणारा आहे, चुन्याचा थेंब न वापरता दगडावर दगड उभे करणारा आहे, आणि रात्र लांबवणारा तर आहेच. फक्त त्याच नावाचा एक खरा माणूस देवगिरीच्या दरबारात होऊन गेला, त्यामुळे आपण त्याला कल्पित पात्र म्हणून कधी वाचतच नाही. अभ्यासक हेमाद्री पंडिताला कथेतून सोडवून घेतात आणि कथा केरात टाकतात. लोक कथा ठेवतात, त्यांना पंडिताची गरज नसते.

मीही केरात टाकणाऱ्यांपैकीच होतो. वीसेक वर्षांपूर्वी एका स्मरणिकेत मी मार्कंड्यावर टिपण लिहिले होते. त्यात हेमाडपंताच्या रात्रीला ‘भाबडे अज्ञान’ म्हटले होते. सन-शकांची जुळवाजुळव नुकतीच जमू लागली होती आणि तिचा माज होता. ते टिपण मागे घेण्यासाठी हा लेख लिहितो आहे असे म्हटले तरी चालेल. मात्र कथेला खरे ठरवायला मी निघालेलो नाही. कथा काय लक्षात ठेवते आणि काय विसरायला लावते, एवढेच पाहायचे आहे.

लोककथेतल्या हेमाडपंताचे चरित्र सलग असे मिळत नाही. गावोगाव त्याचे तुकडे आहेत. ते जुळवले तर साधारण असे दिसते. हेमाडपंत मोठा वैद्य होता. लंकेत बिभीषण आजारी पडला तेव्हा त्याने त्याला बरे केले. बिभीषण म्हणाला, माग काय हवे ते. इथून कथेला फाटे फुटतात. एका प्रकारात तो मोडी लिपी मागून आणतो. कुठे बाजरी आणल्याचे श्रेय त्याला मिळते. तिसऱ्या प्रकारात तो बिभीषणाकडे राक्षस कारागीर मागतो, आणि ते राक्षस मग गावोगाव देवळे उभी करत सुटतात. राक्षसांचे काम रात्रीचे. म्हणून रात्र पुरायला हवी, आणि न पुरली तर लांबवायला हवी.

या चरित्रात हेमाडपंताला बालपण नाही, मरणही नाही. दुसरी गोष्ट अधिक बोलकी वाटते. हा शोधक स्वतः काही शोधत नाही. तो आणतो. मोडी आणली, बाजरी आणली, कारागीर आणले. युरोपातला किमयागार भट्टीपुढे बसून नवे काही घडवू पाहतो. आपला हेमाडपंत लांब जातो, ओळख काढतो, उपकार करतो आणि त्या बदल्यात काहीतरी पदरात पाडून परत येतो. मला हा माणूस जादूगारापेक्षा मुत्सद्दी जास्त वाटतो. आणि खरा हेमाद्री नेमका तोच होता.

खऱ्या हेमाद्रीविषयी ठोस माहिती बरीच आहे. वत्सगोत्री, कामदेवाचा मुलगा, देवगिरीचा यादव राजा महादेव आणि त्याच्यानंतरचा रामचंद्र या दोघांच्या काळातला मोठा अधिकारी. त्याचे पद करणाधिपाचे, म्हणजे राज्याचे सगळे दप्तर त्याच्या हाताखाली. ‘चतुर्वर्गचिंतामणी’ हा त्याचा प्रचंड ग्रंथ महादेवाच्या कारकिर्दीतला. त्यातल्या व्रतखंडाला जोडलेली राजप्रशस्ती ही यादवांच्या इतिहासाची एक मुख्य शिदोरी. रा. गो. भांडारकरांनी दख्खनच्या प्राचीन इतिहासाची मांडणी करताना तिचा भरपूर उपयोग केला. वाग्भटाच्या ‘अष्टांगहृदया’वर हेमाद्रीची ‘आयुर्वेदरसायन’ नावाची टीका आहे. वैद्य केशवाचा मुलगा, विदर्भातला बोपदेव, त्याच्या आश्रयाला होता, आणि बोपदेवाच्या ‘मुक्ताफला’वरही हेमाद्रीच्या नावाची टीका आहे. पंढरपूरच्या चौऱ्याऐंशीच्या लेखात त्याचे नाव येते. केशव आप्पा पाध्ये यांनी मराठीत त्याचे स्वतंत्र चरित्र लिहिले.

आता ही दोन चरित्रे शेजारी ठेवू. कथेत तो वैद्य आहे. इतिहासात त्याने वैद्यकाच्या पायाभूत ग्रंथावर टीका लिहिली. कथेत तो मोडी आणतो. इतिहासात तो दप्तराचा प्रमुख होता, आणि कोणाला कोणत्या मायन्याने पत्र लिहावे याची ‘मेस्तके’ त्याच्या नावावर सांगितली जातात. लंकेतून मोडी आली हे खरे नव्हे. सिंहली लिपी दक्षिणेच्या वळणाची, गोल अक्षरांची. मोडी ही नागरीचीच जलद लिहिण्यासाठी वाकवलेली बहीण. पण कचेरीतल्या लिपीचा संबंध कचेरीच्या प्रमुखाशी जोडणारी स्मृती फार चुकलेली नाही. बाजरीचे मात्र जुळत नाही. बाजरी आफ्रिकेतून भारतात आली त्याला हेमाद्रीच्या आधी हजारो वर्षे होऊन गेली होती. प्रत्येक धागा जुळलाच पाहिजे असा हट्ट धरला की संशोधनाचे ज्योतिष होते, म्हणून बाजरी तशीच सोडतो.

राहिला काळ. इथे मात्र थांबायला हवे.

‘चतुर्वर्गचिंतामणी’चे व्रत, दान, तीर्थ, मोक्ष आणि परिशेष असे खंड सांगितले जातात. कलकत्त्याच्या एशियाटिक सोसायटीने एकोणिसाव्या शतकाच्या शेवटच्या दशकांत ‘बिब्लिओथिका इंडिका’ मालेत या ग्रंथाचे जाडजूड भाग छापले. त्यातल्या परिशेषखंडात एक मोठा विभाग आहे, त्याचे नाव कालनिर्णय. आज आपल्याला हा शब्द भिंतीवरच्या दिनदर्शिकेमुळे घरचा वाटतो. हेमाद्रीच्या काळी तो एका शास्त्राचा विषय होता. कोणते कर्म नेमक्या कोणत्या वेळी करायचे, आणि वेळच संदिग्ध असेल तर निवाडा कसा द्यायचा, याचे ते शास्त्र.

वेळ संदिग्ध कशी असेल? तिथीमुळे. चंद्र सूर्याच्या १२ अंश पुढे सरकला की एक तिथी पुरी होते. पण चंद्राची चाल सारखी नसते, त्यामुळे तिथी कधी सुमारे २० तासांत संपते, कधी २६ तासांवर जाते. आपला दिवस सूर्योदयापासून सूर्योदयापर्यंत, आणि सूर्योदयाला जी तिथी असेल ती त्या दिवसाची. मग एखादी तिथी सूर्योदयानंतर सुरू होऊन पुढच्या सूर्योदयाआधीच संपते. ती आकाशात होऊन जाते, पण पंचांगातला दिवस तिच्या वाट्याला येत नाही. तिचा क्षय झाला. दुसरी एखादी लांबते आणि दोन सूर्योदय पाहते. तिची वृद्धी झाली. याशिवाय साधारण साडेबत्तीस महिन्यांनी अख्खा महिनाच जास्तीचा येतो. २०२३ साली दोन श्रावण आले तेव्हा श्रावण पाळणाऱ्यांनी ‘नेमका कोणता धरायचा’ म्हणून घरोघर विचारले होते.

या पेचात उपास कधी करायचा, श्राद्ध कधी घालायचे, दिवा कधी लावायचा, हे ठरवणारा माणूस सूर्यचंद्राला हात लावत नाही. पण जगणाऱ्यांचा काळ तोच ठरवतो. आजची तिथी उद्याला देतो, गेलेली तिथी आदल्या दिवसात मोजतो. २०२४ च्या दिवाळीत अमावास्या ३१ ऑक्टोबरच्या दुपारी लागली आणि १ नोव्हेंबरच्या संध्याकाळपर्यंत राहिली. उत्तरेकडे बऱ्याच ठिकाणी लक्ष्मीपूजन ३१ तारखेला झाले, महाराष्ट्रातल्या पंचांगांनी १ तारीख दिली. आमच्या वॉर्डात हिंदी भाषक कुटुंबेही आहेत, त्यामुळे दोन संध्याकाळी दिवे लागले आणि दोन दिवस वाद चालला. त्या वादात ज्या ‘निर्णयसिंधू’चा दाखला दिला जातो, तो कमलाकरभट्टांचा १६१२ चा ग्रंथ पानोपानी हेमाद्रीचे मत नोंदवतो. साडेसातशे वर्षे झाली, तरी रात्र आजची की उद्याची या प्रश्नात हा माणूस अजून साक्षीदार म्हणून उभा असतो.

माझे म्हणणे आता वाचकांच्या लक्षात आले असेल. गावच्या जोशाच्या तोंडून ‘हेमाद्री असे म्हणतो’ हे पिढ्यान्‌पिढ्या ऐकणाऱ्या माणसाला हेमाद्री कोण वाटला असेल? तिथी खाणारा, तिथी वाढवणारा, वर्षाला तेरावा महिना जोडणारा कोणी तरी. शास्त्राचा काळनिर्णय खालून पाहिला की काळावरची सत्ता दिसतो. हा तर्क आहे, पुरावा नाही. आणि त्याच्यावरचा आक्षेपही मला ठाऊक आहे. एका रात्रीत बांधलेली देवळे हेमाडपंताशिवायही आहेतच. अंबरनाथचे शिवालय पांडवांनी एका रात्रीत बांधले असे सांगतात. आमच्या पूर्वेला, छत्तीसगडात, ‘छमासी रात’ ही कथांची ठरलेली रात्र आहे. म्हणजे सहा महिन्यांची रात्र हेमाद्रीच्या ग्रंथातून निघालेली नाही. ती आधीपासून फिरत होती. प्रश्न एवढाच की महाराष्ट्रात ती फिरत फिरत एका धर्मशास्त्रकाराच्या अंगावर येऊन का बसली. पांडव वीर होते, त्यांना कुठलेही काम सोपवता येते. दप्तर सांभाळणाऱ्या पंडिताला रात्र लांबवायचे काम सोपवावेसे वाटले, याला काही कारण असले पाहिजे. मला तरी कालनिर्णयाशिवाय दुसरे दिसत नाही.

(एक अवांतर. झाडीपट्टीतल्या माणसाला लांबणारी रात्र समजावून सांगावी लागत नाही. भाऊबीजेपासून आमच्याकडे दिवसा शंकरपट आणि रात्री नाटक. दहाच्या पुढे पडदा उघडतो आणि पहाटे पडतो. तेवढ्यात नायकाचे लग्न, मुले, फारकत, तुरुंगवास आणि मुलीचे लग्न असे सगळे उरकलेले असते. कोंबड्याला कोणी विचारत नाही.)

देवळांच्या सनावळीबद्दल फार लिहीत नाही, कारण तो वाद अभ्यासकांनी केव्हाच निकालात काढला आहे. अंबरनाथच्या देवळातला लेख शके ९८२ चा, म्हणजे १०६० चा. हेमाद्री त्यानंतर दोनशे वर्षांनी झाला. मार्कंड्याची देवळे साधारण दहाव्या ते बाराव्या शतकातली मानतात, म्हणजे तीही त्याच्या आधीची. अलेक्झांडर कनिंगहॅम १८७३-७४ च्या दौऱ्यात इकडे आला होता. त्याला या शिल्पांवरून खजुराहो आठवले. आजही लोक ‘विदर्भाचे खजुराहो’ म्हणतात ते तिथूनच. चुन्याशिवाय, दगडाला खाचा पाडून एकमेकांत बसवण्याची रीत हेमाद्रीने काढलेली नाही. तो जन्मला तेव्हा ती जुनी झाली होती. ‘हेमाडपंती’ ही लोकांची चिठ्ठी. इंग्रजी अमदानीतल्या पाहणी-याद्यांनी ती उचलली आणि सरकारी केली. हेन्री कझिन्सने १८९७ साली मध्य प्रांत आणि वऱ्हाडातल्या पुरावशेषांची यादी छापली, तेव्हापासून आपण तो शब्द पाटीवर वाचत आलो आहोत. पाटी बदलावी असे मला वाटते, पण ती बदलून कथा जाणार नाही.

आता या लेखातला माझ्यासाठी सर्वांत अवघड भाग.

रामचंद्र यादवाच्या काळचा शके ११९४ चा, म्हणजे १२७२ चा एक ताम्रपट ठाण्याला सापडला. दान दिले आहे कोकणात, साष्टी बेटातले गाव, ब्राह्मणांना. देणारा रामचंद्राचा कोकणातला अधिकारी अच्युत नायक. या दूरच्या कागदात, खरे तर तांब्यात, हेमाद्रीचा गौरव आहे. तो करणाधिप आहे, हत्तींच्या माहुतांचा अध्यक्ष आहे, आणि त्याने झाडीमंडल जिंकले आहे.

झाडीमंडल म्हणजे आमची झाडी. भंडारा, गोंदिया, चंद्रपूर, गडचिरोली. ज्या मुलखाची बोली झाडीबोली आणि ज्या मुलखाचे नाटक झाडीपट्टीचे, तो हा मुलूख. पुढे शके १२३२ च्या, म्हणजे १३१० च्या पुरुषोत्तमपुरी ताम्रपटात रामचंद्राच्या विजयांची यादी आहे. तो ताम्रपट वा. वि. मिराशींनी संपादित केला. त्यात भांडागार आहे, म्हणजे भंडारा, आणि वज्राकर आहे, म्हणजे आजच्या गडचिरोली जिल्ह्यातल्या आरमोरी तालुक्यातले वैरागड. वज्राची खाण म्हणून वज्राकर. इथल्या हिऱ्यांची नोंद अबुल फजलच्या ‘आइने अकबरी’तही आहे.

हेमाद्री स्वतः सैन्य घेऊन वैनगंगा उतरला की मंत्री म्हणून मोहिमेचे श्रेय त्याच्या पदरात पडले, यावर वाद घालता येईल. प्रशस्तीतला प्रत्येक विजय रणांगणावरचा नसतो. पण दोन ताम्रपट एकत्र वाचले की यादवांचा हात या जंगलापर्यंत पोचला होता, आणि त्या हाताला दरबाराने हेमाद्रीचे नाव दिले होते, एवढे नक्की. हत्तींचे अध्यक्षपद आणि झाडीचा विजय ही दोन विशेषणे एकाच माणसाला मिळावीत हेही मला निव्वळ योगायोग वाटत नाही. हत्ती जंगलातून येतात. २०२१ मध्ये छत्तीसगडच्या बाजूने रानटी हत्तींचा कळप गडचिरोलीत शिरला, तेव्हा गावकऱ्यांनी ‘हे नवेच’ म्हणून डोक्याला हात लावला. नवे नव्हते, फार जुने परत आले होते.

वैरागडला भंडारेश्वराचे देऊळ आहे. मी तिथे कितीदा तरी गेलो आहे. विचारले की उत्तर ठरलेले : हेमाडपंती देऊळ आहे जी. दरवेळी मी मान डोलावली आहे. आणि एका दिवशी, पुरुषोत्तमपुरी ताम्रपटाचे टिपण खिशात असताना, तेच उत्तर ऐकून मी पायरीवर बसलो. जो गाव जिंकल्याचे यादवांनी तांब्यावर कोरून ठेवले, तो गाव आपल्या देवळाला त्यांच्या मंत्र्याचे नाव देतो, आणि ते अभिमानाने देतो. जिंकणारा बांधणारा झाला. स्वारीची आठवण पुसली गेली आणि तिच्या जागी एक रात्र आली.

याला विसर म्हणायचे की मोठेपणा, हे मला ठरवता आलेले नाही. माझ्या एका मित्राचे मत असे की पराभूतांनी जेत्याला गवंडी करून टाकले, यापेक्षा चांगला सूड कोणता? मला हे वाक्य ऐकायला आवडते, पटत नाही. कथेत हेमाडपंत गवंडी नाही. तो मुकादम आहे. घाम राक्षसांचा आहे.

हेमाडपंताविषयी सगळेच असे मवाळ नव्हते. महानुभावांनी त्याला वेगळाच लक्षात ठेवला. त्यांच्या वाङ्मयात हेमाडपंडित हा श्रीचक्रधरांचा वैरी, सत्तेच्या जोरावर छळ करणारा. तिथे तो रात्र लांबवत नाही, लिपी आणत नाही. त्याच्या ज्ञानाचा धाक आहे, अद्भुत नाही. व्रतवैकल्यांच्या जाळ्याबाहेर पडू पाहणाऱ्या पंथाला व्रतखंडाचा कर्ता जादूगार वाटणे शक्यच नव्हते. ज्यांच्यावर तो काळ लादला गेला त्यांनी त्याला माणूस म्हणून पाहिले, आणि माणूस म्हणून दोष दिला. महानुभावांची ही नजर मला आजीच्या गोष्टीपेक्षा जास्त प्रौढ वाटते. पण आजीच्या गोष्टीत जे आहे ते त्यांच्याकडे नाही, हेही मान्य केले पाहिजे. ती गोष्ट देवळाकडे पाहून सुचलेली आहे. कोणी तरी हे बांधले, आणि ते बांधायला माणसाचा दिवस पुरला नसणार, हे आश्चर्य तिच्यात शाबूत आहे.

या आश्चर्याचे पुढे काय होते, ते पाहायला दुर्ग जिल्ह्यातल्या देवबलोद्याच्या शिवमंदिराची कथा उपयोगी पडते. ते देऊळ कलचुरींच्या काळातले, शिखर अपुरे. कथा अशी की ते छमासी रातीत बांधले जात होते. कारागीर कामात इतका बुडाला की अंगावरच्या कपड्यांची शुद्ध राहिली नाही. रोज त्याची बायको जेवण घेऊन येई. एके दिवशी बायकोऐवजी बहीण येताना दिसली. लाजेने त्याने देवळावरून खालच्या कुंडात उडी घेतली, आणि शिखर राहिले ते राहिलेच.

दोन्ही कथांत रात्र सहा महिन्यांची. दोन्हींत काम अपुरे. पण देवबलोद्यात रात्र मोडते ती माणसाच्या लाजेने, आणि आमच्याकडे मोडते कोंबड्याने. त्यांच्या कथेत कारागीर आहे, त्याला अंग आहे, बायको आहे, बहीण आहे, भूक आहे. आमच्या कथेत कारागिराच्या जागी राक्षस आहेत, ज्यांना घर नाही आणि नावही नाही, आणि सगळे श्रेय एका पंडिताला. माझ्या मते हेमाडपंताच्या कथेची खरी उणीव इथे आहे. तिने काळ लांबवला ही नव्हे. लांबलेल्या काळात राबणारी माणसे तिने काढून टाकली ही. स्मरणिकेतल्या टिपणात मी तिला चुकीच्या कारणासाठी नावे ठेवली होती.

मार्कंड्यात हे विशेष खटकते, कारण ते ठिकाणच काळाशी झगडल्याचे आहे. सोळा वर्षांचेच आयुष्य घेऊन आलेला मृकंडूचा मुलगा शिवलिंगाला मिठी मारतो आणि शंकर यमाला लाथेने दूर करतो. तोच मार्कंडेय महाभारताच्या वनपर्वात पांडवांना प्रलयाची हकिकत सांगतो. सगळीकडे पाणी, वडाच्या फांदीवर एक मूल, आणि त्याच्या पोटात पूर्ण जग. काळ हरवणारा ऋषी देवळात, काळ लांबवणारा मंत्री देवळाच्या कथेत. ज्यांचा काळ तिथे खरोखर खर्च झाला त्यांच्यासाठी मात्र कथेने जागा ठेवली नाही.

मागच्या हिवाळ्यात मी पुन्हा गेलो होतो. मुख्य देवळाच्या जीर्णोद्धाराचे काम गेल्या दशकापासून चालू-बंद, चालू-बंद असे आहे. शिखरावर कधी तरी वीज पडली होती, त्यानंतर केलेली जुनी डागडुजीही थकली होती. उतरवलेले दगड आवारात मांडून ठेवलेले, त्यांवर रंगाने आकडे. मी वही काढून आकडे लिहू लागलो. उगाच, सवय म्हणून. आवारात गवत उपटणारी एक म्हातारी माझ्याकडे बघत होती. तिने विचारले, “काय लिवता भाऊ?”

मी म्हटले, “माय, हे देऊळ कोणी बांधले ठाऊक आहे का?”

“हेमाडपंतानं. येका रातीत. सहा मयन्याची रात होती थे.”

आजीचीच गोष्ट, जवळजवळ आजीच्याच शब्दांत. मला बरे वाटले. म्हणजे भर आजीची एकटीची नव्हती. मी नेहमीची शंका काढली, की माय, सहा महिन्यांची रात्र कशी असेल? तिला त्या शंकेत काही राम वाटला नाही. तिने विळा खाली ठेवला आणि दगडांच्या ढिगाकडे पाहिले.

“रात असंल जी. पन सहा मयने सिदोरी कोन आनत होता?”

मला उत्तर देता आले नाही. मी देवबलोद्याची कथा तिला सांगितली. तिने ती नीट ऐकून घेतली, बहिणीच्या जागी पोचल्यावर मान हलवली, आणि कारागीर कुंडात पडला तेव्हा “बिचारा” म्हणाली. मग तिने विचारले, त्या दिवशी बायको का आली नव्हती. कथेच्या मला ठाऊक असलेल्या प्रतीत याचे कारण नाही. तिला कारण नसलेली कथा चालेना. “बिमार असंल,” ती म्हणाली, “नाई तं धानावर गेली असंल. कापनीचे दिवस असतीन.”

दुपार झाली होती. ती नदीकडच्या भिंतीच्या सावलीत गेली आणि डबा उघडून बसली. वरचे झाकण तिने माझ्या बाजूला सरकवले. भात आणि वाटाण्याची भाजी होती.